ग्राहक समाधानी

वीज कार्यालयाच्या रांगेत माझ्यापुढे एक बाई होती. खिडकीतला बाबू तिचा अर्ज वाचत होता.

"कुलसुमबी, भरपाई कायची पाह्यजे?"

"नवऱ्याची, साहेब. वावरातल्या लोंबत्या तारेचा करंट लागून वारले. पाच तारखेले."

"आधी तारेची तक्रार केली होती काय?"

"त्यायनंच केली होती. तीनदा."

"हो, कॉम्प्युटरवर दिसून राहिली. पन ते तं आठ तारखेले निकाली निघाली. मंग भरपाई कशी भेटन?"

"तार तं अजून लोंबूनच राहिली, साहेब."

"इथं शेरा आहे ना. 'तक्रारदाराशी फोनवर बोलणे झाले, ग्राहक समाधानी.'"

"कोनाशी बोलनं झालं?"

"वली शेख."

"आठ तारखेले?"

"हो, आठ."

"मंग मले बी तोच फोन लावून द्या, साहेब. आमचं बोलनं अर्धंच राहिलं."