मोसंबीच्या पाकातला सामन मासा

नाय, तुम्हीच सांगा, मासा न धुता कुणी कागदानं टिपतं का? कागदानं! लेकराचं शेंबडं नाक टिपल्यावानी! तुम्हाला सांगते, ह्या डोळ्यांनी बघितलं, माझ्याच सैपाकघरात, माझ्याच वट्यावर, हळद नाय, मीठ नाय, बेसन नाय, कायबी चोळलं नाय, नुसतं टिपलं, पलटी केलं, परत टिपलं... आन् समोर स्टुलावर मी बसलेली, पडेगावची केसरबाई, जिच्या हातचा मासा खायला पार वाळूजहून पाव्हणे यायचे, ती मी, गप! मी तोंड उघडलं नाय.

काऊन उघडलं नाय? तर शपथ घातली व्हती ना मला! नातवानं. आमचा सम्यक, कंपनीत कामाला हाय, तिथं दोनशे माणसाला गप करतो म्हणत्यात, पण घरात त्याला एकच माणूस गप करायचं व्हतं, आजी. "आजी, तनुजाला आज एकटीला करू दे. माझी शपथ हाय तुला, तू तोंड उघडायचं नाय." तनुजा म्हणजे त्याची बायको, नाशिकची पोरगी, लग्नाला आठ महिने झालेत. गुणाची हाय बरं, चालणं-बोलणं सगळं नीट, फक्त एकदा वांग्याचं भरीत केलं व्हतं तिनं, आन् मी एवढंच म्हणलं, "पोरी, वांगं भाजलं का त्याला नुसती धमकी दिली?" एवढंच! तर ती आत जाऊन रडली. त्या दिवसापासून सैपाकघरात पाय ठेवला की आधी माझ्या तोंडाकडं बगायची, मग गॅसकडं. सम्यक म्हणला, "आजी, तुझ्या तोंडामुळं ती पोळपाटाला हात लावंना." मग मी शपथ घेतली. हयातीत पहिल्यांदा.

आता मासा कशाला, ते ऐका. आमच्या म्हाताऱ्याला झाला डेंगू. म्हातारा म्हणजे आमचे हे... आता नाव घेतलं तर घेतलं, ह्या वयात काय लाजायचं, रामकिसन. ताप गेला, प्लेटी-बिटी काय असत्यात त्या वाढल्या, पण तोंडाची चव गेली ती आलीच नाय. वीस दिवस! ताट समोर ठेवलं की दोन बोटं लावायचे ताटाच्या काठाला आन् असं... सरकवायचे. बोलायचं नाय, रागवायचं नाय, नुसतं सरकवायचे. वरण-भात सरकवला. ज्वारीची आंबील सरकवली. अंडं सरकवलं. म्हणलं थांबा, मला ठाऊक हाय ह्यांचा जीव कशात हाय, शहागंजच्या मासळीवाल्या चाचाकडनं जित्ती मरळ आणली, पैठणच्या धरणाची, राखेनं घासली, काळा मसाला घातला, असा रस्सा केला, असा रस्सा केला की शेजारच्या घरातला टीव्ही बंद झाला वासानं! आणून ठेवला समोर. आन् म्हाताऱ्यानं... दोन बोटं... सरकवला.

तुम्हाला सांगते, माझ्या मरळीच्या रश्शाला आजवर कुणी बोट लावलं तर ते चाटायला लावलं. सरकवायला नाय!

डॉक्टर म्हणला, "आजी, बाबांच्या अंगात आता ताकद राहिली नाही. रविवारपर्यंत अन्न पोटात गेलं नाही तर सोमवारी दाखल करू. नाकातून नळी टाकून पातळ भरवावं लागेल." नाकातून! माणसाला तोंड दिलंय कशाला मग? म्हातारा ऐकत व्हता.  रात्रभर नाकावर हात ठेवून झोपला.

तर तिथं ही तनुजा म्हणली, "आजी, मी एकदा बघू का? सॅमन करते आबांसाठी. ताकदीचा असतो. ऑरेंज ग्लेझ लावून." मी मनात म्हणलं, ह्यो सामन कोण? दुसऱ्या दिवशी मासळीवाल्या चाचाला इचारलं. त्यो म्हणला, "अम्मा, वो विलायती मछली है. बरफ में पैदा होती, बरफ में मरती, बरफ में बिकती. इदर नै मिलती. तुम कायकू पूछ रे?" म्हणलं, "काय नाय चाचा, घरी येऊन राहिलाय." "कौन?" "सामन." त्यो बिचारा हात धुवून सलाम करायच्या बेतात आला, पाव्हणा समजून.

आला त्यो रविवारी सकाळी, पुण्याहून, बरफाच्या डब्यात, मोबाइलवर बोट दाबल्यानं. डबा उघडला तर मुंडकं नाय, शेपटी नाय, काटा नाय, नुसते दोन तुकडे, आन् रंग? गाजर! गाजराचा रंग! आता तुम्ही सांगा, मुंडकं नसलेल्या माश्याची ओळख काय पटणार माणसाला? ताजा हाय का शिळा, डोळ्यात बघून कळतं, ह्याला डोळाच नाय! मी हळूच वली बोटं फिरवली त्याच्यावर, रंग उतरतो का बघायला. नाय उतरला. तनुजानं बघितलं. "आजी, काय करताय?" मी मुंडी हलवली, काय नाय म्हणून. बगा, तोंड उघडलं नाय!

पण आता माणूस खोकणारच ना? तिनं न धुता मासा टिपला, मी खोकले. तिनं लसणाच्या नुसत्या दोन पाकळ्या घेतल्या, मी खोकले. ती म्हणली, "ह्याच्याबरोबर भाकरी नाही आजी, उकडलेली ब्रोकोली," तर मला असा ठसका आला, असा ठसका, की सम्यक बाहेरून पाणी घेऊन पळत आला. "आजी!" म्हणला, डोळे वटारून. मी पाणी प्याले. खोकू नको अशी शपथ घातली नव्हती लेकानं.

आता ते ग्लेज म्हणजे काय, तर माशाला पाक चढवायचा. गोड! संत्र्याचा रस, मध, सोयाचं काळं पाणी, आटवायचं आन् ब्रशानं लावायचं. ब्रश! भिंतीला रंग देत्यात तसा! पण भादव्यात संत्रं कुठं मिळायला बसलंय? तर ह्या बाईनं काय केलं, घरात मोसंब्या व्हत्या, त्या घेतल्या. म्हणलं बरंय, पोरीला डोकं हाय. पण कवा पिळल्या? सकाळी सातला! "नंतर घाई नको" म्हणून सात वाजता रस काढून, त्यात साल पांढऱ्यासकट किसून, बिया तशाच, वाटीत झाकून ठेवला आन् बाराला गॅसवर चढवला.

हितं मी स्टुलावरनं अर्धी उठले. काऊन ते सांगते, ते ऐकल्याबिगर पुढचं कळायचं नाय.

नवीन लग्न झालं व्हतं माझं. दौलताबादेकडं एका मोसंबीच्या बागेत मी तोडणीला जायची, आन् हे पल्याडच्या मळ्यात हिरीच्या कामाला, पाषाण फोडायला. बागवानानं एक दिवस पडलेल्या फळांतली चार मोसंबी दिली मला. मी काय केलं, सकाळच्या पारी हौसेनं पिळली, रस किटलीत भरला, दुपारपर्यंत फडक्यात गुंडाळून ठेवला आन् जेवायच्या वक्ताला अनवाणी पळत गेले. हे घामानं निथळत व्हते. किटली तोंडाला लावली आन् गटागटा सगळी संपवली. एक थेंब ठेवला नाय. मी इचारलं, "कसं झालं?" म्हणले, "झालं." परत येताना मी किटलीत बोट घालून चाटलं, तर बायांनो, जहर! कडू जहर! मोसंबीचा रस थांबत नाय, पिळला की प्यायचा, ठेवला की कडवतो, आन् बी रगडली, सालीचं पांढरं गेलं तर इचारूच नगा. मला काय ठाऊक तवा? पण ह्या माणसानं किटलीभर कडू पिऊन तोंड वाकडं केलं नाय.

त्या दिवशी मला दोन गोष्टी कळल्या. मोसंबीचा रस टिकत नाय, आन् ह्या माणसाच्या तोंडातून "झालं"च्या पुढं शबुद निघत नाय. छप्पन्न वर्षं झाली. पुरणपोळी केली, "झालं." मटण केलं, "झालं." कसं झालं? "झालं." वाईट कवा म्हणला नाय, पण चांगलं म्हणल ह्याची वाट बघून बघून माझे दात पडले.

तर हितं गॅसवर पाक रटरटतोय आन् तेवढ्यात तनुजाला तिच्या आईचा फोन आला नाशिकहून. घरात आवाज तुटतो, म्हणून ती गच्चीवर गेली. "आजी, फक्त लक्ष ठेवा हं." मी लक्ष ठेवलं. बोटावर ठेवलं. चाटलं.

किटली! तीच किटली! छप्पन्न वर्षांपूर्वीची!

आता काय करावं? तुम्ही असता तर काय केलं असतं? सांगावं, तर शपथ मोडती, आन् पोरगी परत रडती, ह्या बारीनं कायमची. गप बसावं, तर म्हातारा दोन बोटं लावतो आन् सोमवारी नळी नाकात. गच्चीवरनं आवाज येतोय, "हो गं आई, पहिल्यांदाच एकटीनं करतेय, आजी काहीच बोलल्या नाहीत!" तिचा आवाज असा फुललेला...

मी तोंड उघडलं नाय. हात उघडले.

पाक वतला कढीपत्त्याच्या कुंडीत, पातेलं इसळलं, तीन मोसंब्या घेतल्या, सोलल्या, बी काढली, पांढरं काढलं, हातानं पिळल्या, गुळाचा खडा टाकला, लसूण ठेचून मूठभर, लिंबू, मीठ, ते सोयाचं काळं पाणी बी टाकलं, त्याचा काय गुन्हा, आन् एक चिमूट, एकच चिमूट बरं, काळा मसाला. मोठ्या आचेवर रटरट रटरट. बोटात धरून बघितलं, एकतारी! जिलबीवाल्यानं बघितला असता तर पाया पडला असता. ब्रश जसा आडवा व्हता तसा आडवा ठेवला, झाकण जसं तिरपं व्हतं तसं तिरपं ठेवलं, आन् स्टुलावर येऊन बसले, मांडीवर हात घेऊन, ध्यानाला बसल्यावानी.

आली खाली. झाकण उघडलं. "अय्या, कसला मस्त आटलाय! रंग जरा डार्क झाला ना, आजी?" मी खोकले. "मधामुळं असेल," म्हणली. म्हणलं, मधामुळंच असल बाई. मनात!

मासा तव्यावर टाकला, कातडं खाली, वरून ब्रश फिरवला, परत फिरवला, आन् खरं बोलायचं तर देखणा दिसला लेकाचा. चकचक चकचक! ताटात ठेवला, शेजारी ती हिरवी झुडपं उकडलेली. आणलं म्हाताऱ्यासमोर. सम्यक उभा, तनुजा उभी, मी दाराला धरून उभी. 

म्हाताऱ्यानं ताटाकडं बघितलं. दोन बोटं उचलली. ताटाच्या काठाला लावली...

 छप्पन्न वर्षांचा संसार त्या दोन बोटांवर येऊन थांबला व्हता.

म्हाताऱ्यानं नाक पुढं केलं. हुंगलं. बोटं ताटावरनं उचलली आन् माशात घातली. एक घास. चावला. दुसरा घास. तिसऱ्या घासाला म्हणतो, "भाकर हाय का?"

भाकर! वीस दिवसांनी माणूस भाकर मागतो! तनुजा म्हणली, "अगंबाई, भाकरी तर केलीच नाही!" मी गुमान गेले आन् फडक्याखालची आणून ठेवली. सकाळीच थापून ठेवली व्हती. तोंड नाय उघडायचं म्हणला व्हता नातू, पीठ नाय मळायचं असं कुठं म्हणला व्हता?

दोन्ही तुकडे संपवले. भाकरीनं ताट पुसलं. झुडपं तेवढी सरकवली, दोन बोटांनी. मग बोटं चाटली, एक एक करून, पाची. मी दारात. मला वाटलं, आता म्हणल, "झालं." आन् आमचा रामकिसन, छप्पन्न वर्षांचा मुका, तनुजाकडं बघून म्हणला, "पोरी, लई झाक झालंय. काय चव हाय गं तुझ्या हाताला!"

तनुजाच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी. सम्यक माझ्याकडं बघतोय, "बघितलंस का आजी?" म्हणून छाती फुगवून. आन् म्हातारा मान वळवून मला म्हणतो... ऐका बरं... मला म्हणतो, "तू बी शिकून घे की जरा हिच्याकडून."

बायांनो, मी तोंड उघडलं. उघडलं! आता सगळं सांगूनच टाकते म्हणलं, किटलीपासून कुंडीपर्यंत! पण समोर ती पोरगी, पदर नाय म्हणून ओढणीनं डोळे पुसतीया, आन् म्हाताऱ्याच्या मिशीला पाक लागलेला, वीस दिवसांनी हसतोय. उघडलेलं तोंड रिकामं कसं मिटायचं? ताटात माशाचा एक बारका चुरा राहिला व्हता. त्यो घातला तोंडात आन् मिटलं. चांगला झाला व्हता. व्हणारच!

सोमवारी दवाखान्यात गेलोच नाय. म्हातारा आता पायऱ्या चढतो, आन् दर रविवारी त्याला सामन लागतो. दर रविवारी माझी शिकवणी असती. "घाबरू नका आजी, सोप्पं आहे," म्हणती ती, "फक्त रस सकाळीच काढून ठेवायचा." मी मुंडी हलवते, शिकते. करता काय? आन् शनिवारी सांजच्याला नाशिकला तिच्या आईला तेवढा फोन लावून ठेवते, "इहीणबाई, लेक लई आठवण काढती तुमची... उद्या बाराला जरा निवांत बोला तिच्याशी."