ऑर्विलची कवळी

हॉलीवूडला बोलपट येऊन वर्षही झालं नव्हतं. स्टुडिओच्या भरतीच्या खिडकीपुढे, रांगेत माझ्यापुढे मूकपटातले दोन जुने नट उभे होते.

"ऑर्विल, तोंड का झाकतोस? नवी कवळी आहे ना, दाखव की."

"हसू नकोस, एमेट. अजून नीट बसली नाही."

"ऐन तिशीत धडधाकट दात उपटून घेतलेस. मी पन्नाशीचा झालो, माझा एकही हललेला नाही."

"म्हणून तू दाढ्या चिकटवत बसलास आणि कंजूष म्हाताऱ्यांची कामं सगळी मला मिळाली. माझे गाल आपसूक आत जायचे."

"आता बोल की त्या बोळक्यानं."

"त्यासाठीच तर कवळी केली. काल आवाजाची चाचणी दिली. आवाज छान म्हणाले, पण म्हातारे दिसत नाही म्हणाले."

"मग काढायचीस."

"काढली. म्हातारा दिसलो. पण काय बोललो ते कुणाला कळेना."

"म्हणजे एक ऑर्विल दिसायला ठेव आणि एक बोलायला. पगार वाटून घ्या."

खिडकी उघडली. आतली बाई म्हणाली, "आज बोलायचं काम नाही. फक्त एक प्रेत हवंय, म्हाताऱ्याचं."

एमेट खिशातली दाढी चाचपेपर्यंत ऑर्विलची कवळी रुमालात गेली होती. बाईनं त्याच्याकडे पाहून मान डोलावली.

"अहो बाई, तो चाळिशीतला आहे," एमेट म्हणाला. "मी सत्तरीला टेकलोय. खराखुरा."