पॅनलची किल्ली

—तेच तर सांगतेय सर, चूक चिंगीचीच. तुम्ही सुरक्षा खात्याचे, तुम्हाला नियम मी काय शिकवणार — पण आमच्याकडे मशीनच्या खोलीत आत जाणाऱ्यानं पॅनलची किल्ली काढून खिशात घालायची, म्हणजे तो आत असेपर्यंत बाहेरून कुणाला मशीन सुरूच करता येत नाही. साधी गोष्ट. काल चिंगी किल्ली पॅनललाच विसरून आत गेली, मी सुरू केलं, भोंगा वाजला — अगं बाई! काही नाही, दार आपटलं. कालपासून असंच दचकतेय मी.

वीस सेकंद भोंगा, मग इलेक्ट्रॉनचा झोत. इस्पितळात कॅन्सरवाल्यांसाठी असलंच मशीन असतं, पण तिथे मोजूनमापून देतात हो. इथे सिरिंजांवर जंतू उरू द्यायचा नाही, मग माणूस काय उरणार? आणि दिमाख एवढा, तरी खोका जरा जाड असला की झोत पलीकडे पोचत नाही, उलटून पुन्हा फिरवावा लागतो. ते उलटायचं काम माझं. चार वर्षं झाली. चिंगीला आठ महिने.

माझी मावसबहीण ती. मीच चिकटवली इथे, मीच शिकवलं — आत कुणी नाही ना बघून शेवटच्या भिंतीवरचं बटण दाबायचं, झोतानंतर त्या विषारी ओझोन वायूचा वास असेपर्यंत आत पाऊल टाकायचं नाही. आणि किल्ली कुणाला? तिला! साहेब म्हणाले, "तुझे हात कापतात." कापतात, मग? घाबरणारा माणूस जास्त जपून वागतो की नाही, तुम्हीच सांगा. मावशी तर रोज आईला फोन करून — "आमच्या चिंगीकडे मशीनची किल्ली असते बरं का." जशी काही तिजोरीचीच! आणि आई ते रोज माझ्या ताटात वाढते.

मला वाटलं, साहेबांच्या केबिनमध्ये खिदळत असेल. असतेच. आत असेल असं स्वप्नातसुद्धा — भिंतीलगतची लाल दोरी ओढली तिनं, म्हणून भोंग्यावरच थांबलं सगळं. पळताना पडली होती. बाहेर आली ती मनगट सुजलेलं, पांढरीफटक, आणि तरी तोरा बघा — खिशातून किल्ली काढून माझ्यापुढे धरते, "ताई, ही तर माझ्याकडे आहे, मग सुरू कसं झालं गं?" वर ताई म्हणते!

...हो. पॅनललाच होती म्हणाले मी. म्हणजे —

दुसरी? असते एक. साहेबांच्या कपाटात, सीलबंद पाकिटात, फक्त दुरुस्तीवाला आला की काढायची. कपाट मीच उघडते, हो, पण सर — एकदा, एकदाच माझ्या हातानं ते सुरू — ती समोर नसताना —

पाकीट कशाला हवंय तुम्हाला? खोके खोळंबलेत माझे. जा ना तुम्ही. तिलाच विचारा आधी, तिचं तर सगळेच ऐकतात —

नका ना ते कपाट उघडू, सर.