राणीच्या चाळीस ओव्या

अरे, आमच्या शॉर्टफिल्मचं तुम्हाला सांगितलंच नाही! डोंबिवलीच्या शाळेतल्या आमच्या मराठीच्या बाईंनी वर्षानुवर्षं खपून एक महाकाव्य लिहिलंय. त्यावर मी फिल्म करायला घेतलेली. बाईंची अट एकच, एकही ओवी गाळलीस तर परवानगी रद्द. आणि राजा युद्धाला निघतो तिथे राणीचा विलापच चाळीस ओव्यांचा!

खडवलीला नदीकाठी शूटिंग. बाई वही उघडून समोरच बसलेल्या. राणी झालेली ठाण्याच्या कोळीवाड्यातली सुनंदा. ती दहाव्या ओवीला थांबली.

"दादा, एवढं ऐकेपर्यंत राजाचं युद्ध संपेल. माझा नवरा होडी घेऊन निघतो ना, तेव्हा मी काहीच बोलत नाही."

"मग काय करतेस?"

"दाखवते."

कॅमेरा चालू केला. तिने राजाच्या शेल्याची गाठ ओढून बघितली, पुन्हा एकदा बघितली आणि वळून चालू लागली. बस, एवढंच.

मी घाबरत घाबरत बाईंकडे बघितलं. त्यांचे डोळे भरलेले.

"हेच ठेव रे," म्हणाल्या, आणि उठून सुनंदाजवळ गेल्या. "अगं, आला ना तो परत?"

"कोण, राजा?"

"नाही गं, तुझा नवरा!"

"आला की! घरी घोरत पडलाय."