काळ्या चौकटीतला कान्जी

हॅलो?… कोण, चिएमी? बोल… बरी आहे गं. सुनेचा सकाळी सकाळी फोन म्हणजे काहीतरी मागायचंय. माग.

परवानगी? कसली?… हो, हो… माझ्या कान्जीला काम मिळालं? रोज सकाळी लागते त्या मालिकेत? अगं, मग आधी ते सांग ना… नायिकेचा बाप? बघ, मी काय म्हणत होते…

थांब. मेलेला बाप?… गोष्ट सुरू व्हायच्या आधीच मेलेला. म्हणजे नुसता फोटो… घरातल्या पितरांच्या देव्हाऱ्यात, काळ्या चौकटीत. आणि ती पोर रोज समोर उदबत्ती लावणार.

नाही.

ऐकलं मी. नाही म्हणते… तो माझ्या होकाराशिवाय जाणार नाही ना? मग झालं तर.

अगं ऐक ना, त्याच्या मरण्याचं मला सांगू नकोस. तलवारीनं मेला, विषानं मेला, गरम झऱ्यात बुडून मेला. सगळं मी टीव्हीपुढे भात खात पाहिलंय. कड्यावरून पडला तेव्हा एक चप्पल वर राहिली, आठवतं? ती त्याची स्वतःची अक्कल. शेजारची ओतोकू त्या चपलेला रडली, नायकाला नाही… हो… नायक रडायला लागला की हा मागे उभा राहून मान वळवतो, म्हणून त्या ठोंब्याचं रडणं खरं वाटतं. तीस वर्षं दुसऱ्यांना मोठं करतोय. शेवटी नावं भराभर पळतात, माझी शाळा जेमतेम, पण त्याचं नाव मी पकडतेच.

पण ते काम होतं. फोटो काय काम करणार? जिवंत लेकाला मी त्या चौकटीत बसवू?… मेलेल्याचं काम करणाऱ्याला वर पैशाचं पाकीट देतात, माहितीये. अपशकुन टळावा म्हणून. त्यांनाच ठेवू दे.

काय करतोय?… कालपासून आरशापुढे? फोटोसाठी?… दे त्याला. दे म्हणते ना.

कान्जी?… जेवण वगैरे राहू दे. आरशात काय बघतोस?… हं… म्हणजे बाप काहीतरी बोलणार, तेवढ्यात फोटो निघाला. असा चेहरा… बरं. काय बोलणार?

काय?… पुन्हा सांग.

'हातरुमाल घेतलास का?'

ते तर मी म्हणायचे. दारातून, तू शाळेला निघालास की…

…थांब, मीही आरशात बघते.

ऐक. भुवई डावी वर जाते माझी, उजवी नाही. ओठ जरासे उघडे, दात दिसता कामा नयेत… आणि चेहरा वैतागलेला ठेव. मायेनं विचारलं तर पोरगी हातरुमाल विसरणारच… हो. जा म्हणते ना. ठेवते.