सरुबाईंचं जन्मसाल

सरुबाई : पण मी त्याच्यासमोर उभी होते की! तोंड बघून कळंना का त्याला, बाई म्हातारी आहे ते?

प्रज्ञेश : पासपोर्ट ऑफिसात तोंड बघत नाहीत, आई. प्रूफ बघतात. चल, सावलीत बस जरा. ऑटो बुक करतो.

सरुबाई : तुझ्या बाबांनी सत्तावन्नच सांगितलं होतं. त्या काचीगुड्याच्या एजंटनं फॉर्मात उलटं पंच्याहत्तर केलं.

प्रज्ञेश : आणि बाबांनी तसंच राहू दिलं.

सरुबाई : हौ, हसले. "सरू, तू तर जवान झालीस," म्हणाले. श्रीलंकेला जायचं, बुद्धाचा दात बघायचा, येवढंच त्यांच्या डोक्यात. ते तर झालंच नाही. तेच गेले.

प्रज्ञेश : माधवीताईचा जन्म चौऱ्याऐंशीचा. म्हणजे पासपोर्टप्रमाणं ती झाली तेव्हा तू नऊ वर्षांची. मस्कतवाल्यांनी त्याच्यावरच तिच्याकडं जायचा तुझा व्हिसा रिजेक्ट केला. तू तिची आई आहेस, हे त्यांना पटतच नाही.

सरुबाई : अगं माय! मग कुणाच्या पोटची म्हणतात तिला?

प्रज्ञेश : आता दुरुस्तीला जन्माचा दाखला पाहिजे, नाहीतर शाळेचा. आधार चालत नाही म्हणाला.

सरुबाई : शाळेत मला कोण घातलं? बाबासाहेबांनी दीक्षा दिली, त्याच्या दुसऱ्या साली मी झाले. माय सांगायची. साऱ्या वस्तीला ठाऊक होतं. तेच लिव्ह म्हणावं.

प्रज्ञेश : वस्तीतलं कुणी आहे का आता, साक्ष द्यायला?

सरुबाई : गयाबाई होती. मागच्या उन्हाळ्यात गेली.

प्रज्ञेश : गावात नोंद पण नाही. मी फोन केला होता. वकील म्हणतो, कोर्टातून ऑर्डर आणू. पण टाइम लागंल.

सरुबाई : किती?

प्रज्ञेश : महिने.

सरुबाई : आन् माधवीचे दिवस भरत आलेत! इतक्या वर्षांनी, दोनदा पोट रिकामं झाल्यावर... मी बाहेर आल्यावर हे सांगितलंस का त्या साहेबाला?

प्रज्ञेश : सगळं सांगितलं. शांतपणे ऐकून घेतलं त्यानं. मला पाणी पण दिलं.

सरुबाई : मग?

प्रज्ञेश : मग पुढच्याला बोलावलं.

(काही आठवड्यांनी, मलकपेठच्या घरी. मस्कतहून माधवीचा फोन.)

माधवी : आई, दवाखान्यात आलोय. कळा सुरू झाल्या. प्रज्ञेश म्हणाला, कोर्टानं पुढची तारीख दिली?

सरुबाई : तारखाच देतात, बाळा. माझी सोडून सगळ्या. जावई कुठायत?

माधवी : बाहेर. सह्या करायलेत. आई, मला भीती वाटायलीय. मागच्या वेळेसारखं झालं तर?

सरुबाई : नाही होत. कळ आली की श्वास धरून ठेवू नको. ओरडावं वाटलं तर ओरड, लाजू नको.

माधवी : तू आली असतीस तरी तुला आत येऊ दिलं नसतं. बाहेरच बसवलं असतं.

सरुबाई : बसले असते की.

माधवी : थांब... नर्स आली. फोन बंद कर म्हणायलीय.

सरुबाई : दे तिच्याजवळ. मी बोलते.

माधवी : मल्याळी आहे, आई. तुझं तिला काय कळणार?

सरुबाई : मग तूच सांग तिला. बाहेर आई बसलीय म्हण.