वकीलसाहेब बाई निघाले

—कीटक नव्हे हो बाई, कीटक लिहू नका! कीटकाला पाय सहा. इथे आठ आहेत, मोजा हवं तर — अं हं, काचेवर टकटक नको, तिला खपत नाही. टॅरंटुला. केसाळ कोळीण. काय म्हणता, जनगणनेच्या कागदावर हिच्यासाठी रकानाच नाही? मग हा भिंतीवरचा तक्ता बघा, माझ्या भावाने लावलाय — सृष्टी प्राणी, संघ संधिपाद, वर्ग अष्टपाद, गण कोळी, मग कुल, प्रजाती, जाती — जिना उतरावा तसं एकेक पायरी खाली यायचं, शेवटच्या पायरीवर ही बसलेली. तुमच्यापेक्षा रकाने जास्तच आहेत. हं, घरात कोण कोण? मी आणि भाऊ. दोघं लिहा. मी कपडे शिवते, तो कॉलेजच्या प्रयोगशाळेत मदतनीस. लग्न? माझं नाही झालं. त्याचं — पुढचा प्रश्न घ्या ना.

त्यानेच आणली, औषधाच्या बाटलीतून, मसुराच्या दाण्याएवढी. मी म्हटलं, आठ दिवस टिकायची नाही. तर कसलं काय! दर दीड-दोन महिन्यांनी कात टाकायची नि वाढायची. पहिल्यांदा उताणी पडलेली दिसली तेव्हा मी रडले — खोटं कशाला बोलू, सुटले म्हणून रडले! खोकं शोधलं, पुरायला म्हणून. तेवढ्यात हा आला, ओरडला, "ताई, हात लावू नकोस! मेला नाही, कपडे बदलतोय!" आणि खरंच हो — दोन-तीन तासांनी जुना अंगरखा जमिनीवर, पायांच्या टोकांपर्यंत शाबूत, एक शिवण उसवलेली नाही, आणि ही शेजारी नवीकोरी, ओलसर. पस्तीस वर्षं शिवतेय मी, अशी सफाई मला नाही जमली. मोठी झाल्यावर मग वर्षातून एकदाच कात.

तेव्हा 'ही' म्हणत नव्हतो आम्ही. काळा झगा, अंगात रुबाब, म्हणून वकीलसाहेब. सहा वर्षं भाऊ रोज संध्याकाळी त्यांच्यासमोर खुर्ची टाकून मन मोकळं करायचा — पुरुषांच्या गोष्टी म्हणे, ताईला काय सांगायच्या! मग एकदा त्याने टाकलेली कात भिंगाखाली धरली, पोटाकडची बाजू, आणि पांढराफटक पडला. "ताई, वकीलसाहेब बाई आहेत." दोन दिवस जेवला नाही. मी विचारलं, अरे, असं सांगितलंस तरी काय तिला? तर लाजला. चाळिशी उलटलेला माणूस!

हे नर चार-सहा वर्षांत संपतात बघा, मादी वीस-पंचवीस काढते. म्हणून तिचं कुणीतरी बघायचं ठरलं. दुसऱ्या कॉलेजात एक मॅडम होत्या, त्यांच्याकडे नर — शेवटची कात टाकलेला, पुढच्या पायांना आकडे फुटलेले, म्हणजे वयात आलेला आणि थोड्याच दिवसांचा सोबती. मॅडमना घाई. आल्या, स्थळ डब्यात घेऊन. माझं शिवणाचं मेज रिकामं केलं, त्यावर हिची पेटी. नराने पाय आपटून वर्दी दिली, हिनेही उत्तर दिलं. पुढे सरकला, आकड्यांनी हिचे सुळे धरले, सगळं रीतसर पार पडलं. आता तो सुटायच्या वेळी मधे ब्रश घालायचा, असं ठरलेलं. ब्रश एक, धरणारे दोघं — आणि दोघं बघतायत एकमेकांकडे! मी ओरडले, "अरे, खाल्लं!" तरी कुणाचं लक्ष नाही. जावई अर्धा संपला तेव्हा मॅडम म्हणाल्या, "चालायचंच."

अंडी झाली. हिने रेशमाची गाठोडी विणली, कुशीत धरून बसली, उलटीपालटी करायची, माझ्यावर पाय उगारायची. दोन महिन्यांनी पाचशे बत्तीस पिल्लं! एकत्र ठेवली तर एकमेकांना खातात, म्हणून माझ्या बटणांच्या बाटल्या गेल्या, दोऱ्यांचे डबे गेले, झाकणांना सुईने भोकं पाडून पाडून बोट सुजलं. भाऊ? तो नव्हता तेव्हा. गाठोडी विणली त्याच आठवड्यात गेला ना मॅडमकडे — त्यांना तिथे जागा — बरं, खोडा. एकच लिहा. आठ महिने झाले. आई गेली तेव्हा हा सात वर्षांचा होता, ह्याच्या शाळेच्या चड्ड्या शिवता शिवता मी मशीन शिकले. मॅडमकडे जाताना त्याने मला तीन पानं लिहून दिली — हिला पाणी कधी, खाणं किती, ऊब केवढी. मी हिंडून हिंडून पिल्लांना घरं शोधली. शाळा, कॉलेजं, एक दंतवैद्य. शेवटची बाटली काल गेली. आता ही आणि मी.

नाही हो, फोन करतो. परवाच केला. "तब्येत कशी आहे?" म्हणाला. बरं वाटलं, खोटं कशाला. म्हटलं, बरी आहे रे, पण गुडघा फार दुखतो, चालवत नाही. तर घाबऱ्या आवाजात म्हणाला, "कितव्या पायाचा?"

उठा आता, बाई. तुमची उरलेली घरं खोळंबली असतील. दार हळू लावा.